चरित्र अभिनेत्याचे काम: सातपूरहून आलेल्या प्रश्नाला उत्तर

तुम्ही लिहिले आहे की तुमचे वय ४१ आहे, सातपूरच्या एका कारखान्यात तुम्ही १७ वर्षे नोकरी करता, राज्य नाट्य स्पर्धेत आणि कामगार कल्याणच्या नाट्यस्पर्धेत सातत्याने उतरता, आणि अभिनयाची दोन प्रमाणपत्रेही तुमच्याकडे आहेत. नायक होण्याचे वय गेले हे तुम्ही स्वतःच मान्य केले आहे. तुमचे प्रश्न चार आहेत: चित्रपट-मालिकांत चरित्र अभिनेता म्हणून पोट भरेल का, त्यासाठी नोकरी सोडून मुंबईला जावे लागेल का, ब्रेक कसा मिळतो, आणि पांढरे होत चाललेले केस रंगवावेत का.

गेली २८ वर्षे मी हेच काम करतो आहे. तलाठी, हेडमास्तर, हवालदार, वधूपिता, सरकारी वकील, कांद्याचा व्यापारी, नायिकेचा अंथरुणाला खिळलेला काका, अशा माणसांच्या भूमिका माझ्या वाट्याला आल्या. यांतली पहिली ९ वर्षे मी नोकरी सांभाळून काम केले, आणि माझे घर आजही नाशिकलाच आहे. त्यामुळे तुमची अडचण मला सांगोवांगीने कळलेली नाही.

‘ब्रेक’ या शब्दापासून सुरुवात करतो, कारण तुमची अपेक्षा त्या शब्दाभोवती फिरते आहे असे मला वाटते. नायकाच्या बाबतीत तो शब्द खरा आहे. एका चित्रपटाने त्याचे नाव पोस्टरवर जाते आणि पुढची पाच वर्षे ठरतात. आपल्या कामात पहिली भूमिका मिळणे त्या मानाने सोपे आहे, कारण रोज भाग प्रसारित करणाऱ्या मालिकांना रोज डॉक्टर, पोलीस, शेजारी, भटजी आणि वकील लागतातच. अवघड आहे ते त्याच मंडळींनी दुसऱ्यांदा फोन करणे. माझी सगळी कारकीर्द या दुसऱ्या फोनवर उभी आहे. हा फोन बहुतेक वेळा दिग्दर्शकाचाही नसतो. तो सेटवर क्लॅप धरणाऱ्या किंवा कंटिन्युइटी (एका शॉटमधले हात, कपडे, वस्तू पुढच्या शॉटमध्ये तशाच राहाव्यात याची नोंद) लिहिणाऱ्या असिस्टंटचा असतो, जो चार-सहा वर्षांनी स्वतः दिग्दर्शक झालेला असतो आणि ज्याला आठवत असते की अमुक काका वेळेवर आले होते, संवाद पाठ होते, उशिरा लागलेल्या सीनसाठी रात्री साडेनऊपर्यंत थांबले होते आणि तेव्हाही त्यांचा चेहरा उतरला नव्हता.

पोट भरण्याच्या प्रश्नाकडे येण्यापूर्वी थोडे मागे जातो, कारण आजच्या पैशाच्या रीतीचे मूळ तिथे आहे आणि त्याची सुरुवात आपल्याच गावात झालेली आहे. दादासाहेब फाळके ‘राजा हरिश्चंद्र’नंतर नाशिकला आले आणि १९१३ मध्येच त्यांनी इथे ‘मोहिनी भस्मासुर’ केला. त्यात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी. पुढे कमलाबाई गोखले म्हणून ओळखल्या गेलेल्या त्या मुलीचे चिरंजीव चंद्रकांत गोखले आणि नातू विक्रम गोखले. चंद्रकांत गोखल्यांचे काम तुम्ही जरूर पाहा; आवाज न चढवता एखादा प्रसंग कसा तोलून धरायचा, हे त्यांच्याकडून शिकण्यासारखे आहे. त्या काळात नट कंपनीचा पगारी नोकर असे. फाळक्यांकडे तसेच होते, प्रभातसारख्या मोठ्या स्टुडिओतही तसेच होते. महिना भरला की पगार मिळत असे, मग त्या महिन्यात भूमिका मोठी असो की गर्दीतली. स्टुडिओ मोडले, तशी पगाराची पद्धतही गेली आणि नट दिवसावर आला. आज आपण ‘पर डे’ म्हणतो, ती रीत अशी आली.

म्हणून तुमच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर दिवसांच्या हिशेबात द्यावे लागते. मालिकेतली शिफ्ट साधारण १२ तासांची असते आणि मानधन त्या दिवसाचे ठरते. तुमच्या भूमिकेचा दर काय, यापेक्षा महिन्यात तुमचे दिवस किती लागतात, हे विचारणे अधिक महत्त्वाचे आहे. नायकाच्या घरातला माणूस असाल तर महिन्याला १५ दिवस लागू शकतात; शेजारी असाल तर ३. माझ्या चांगल्या वर्षांत मला महिन्याला सरासरी १० दिवस काम होते, आणि एका वर्षी पावसाळ्याचे तीन महिने एकही दिवस नव्हता. शिवाय दूरचित्रवाणीत काम केल्यापासून साधारण ९० दिवसांनी पैसे देण्याची रीत आहे, म्हणजे जूनमध्ये केलेल्या कामाचे पैसे सप्टेंबरच्या आसपास येतात. त्यातून १० टक्के टीडीएस, म्हणजे आधीच कापलेला प्राप्तिकर, गेलेला असतो आणि कोऑर्डिनेटरमार्फत, म्हणजे कामे मिळवून देणाऱ्या मध्यस्थामार्फत, काम आले असेल तर त्याची दलाली जाते. टीडीएस परत मिळू शकतो, पण त्यासाठी दरवर्षी विवरणपत्र भरावे लागते. आपल्याकडची कितीतरी गुणी मंडळी ते भरत नाहीत आणि हक्काचे पैसे सोडून देतात, याचे मला फार वाईट वाटते. प्रॉव्हिडंट फंड नाही, ग्रॅच्युइटी नाही, आजारपणाची रजा नाही. नोकरीत तुम्हाला हे सगळे आपोआप मिळते आहे, त्यामुळे त्याची किंमत कदाचित लक्षात आलेली नसेल.

काम ठरताना चार गोष्टी लेखी घ्याव्यात, निदान मोबाइलवरच्या संदेशात तरी: दिवसाचे मानधन, महिन्याचे किमान दिवस, प्रवास आणि राहण्याचा खर्च कोणाचा, आणि पैसे किती दिवसांनी. किमान दिवसांचा आग्रह चरित्र अभिनेत्याला दर वेळी धरता येत नाही, पण विचारल्याने कोणी काम काढून घेत नाही. आणि काम देण्यासाठी आधी पैसे मागणारा माणूस काम देणारा नसतो, मग तो कलाकार संघटनेचे कार्ड काढून देतो म्हणो, पोर्टफोलिओ करून देतो म्हणो किंवा ऑडिशनची फी सांगो. खरा कोऑर्डिनेटर आपला हिस्सा मानधन मिळाल्यावर घेतो.

मालिकेचा बेभरवसा कसा असतो, हे एका अनुभवाने सांगतो. एका मालिकेत मी नायिकेच्या सासऱ्याची भूमिका सात महिने करत होतो. एके दिवशी सकाळी मेकअप रूममध्ये आर्ट विभागाचा एक मुलगा आला आणि म्हणाला, ‘काका, तुमचा एक चांगला फोटो पाठवा ना, कोट-टोपीतला असला तर बरं.’ मी सहज विचारले, कशाला हवा? तो गप्प झाला. फ्रेम आणि चंदनाचा हार त्याच्या हातातच होता. टीआरपीचे आकडे दर आठवड्याला येतात आणि त्यावर कथेचा ट्रॅक फिरतो. माझ्या मृत्यूने चार भाग उभे राहणार होते, आणि ते मला सांगायचे राहून गेले होते. घरी मी दोनच दिवसांपूर्वी मुलीच्या कॉलेजच्या फीची रक्कम या मालिकेच्या भरवशावर कबूल केली होती. त्या दिवशी मी फोटो दिला, उरलेले दोन सीन नीट केले आणि सगळ्यांना नमस्कार करून निघालो. पुढच्या वर्षी त्याच कार्यकारी निर्मात्याने मला दुसऱ्या मालिकेत बोलावले. तरीही, ज्या घराचा हप्ता अशा एका मालिकेवर अवलंबून आहे त्या घराची झोप मी पाहिली आहे, म्हणून तुम्हाला स्पष्ट सांगतो: आज राजीनामा देऊ नका.

आता कामाविषयी. यावर मी जरा सविस्तर लिहिणार आहे, कारण तुमच्या पत्रात याबद्दल एकही प्रश्न नाही.

कालिदास कलामंदिरात किंवा सायखेडकर नाट्यगृहात उभे राहून शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोहोचवण्याची तुम्हाला सवय आहे. ती सवय मौल्यवान आहे, ती टाकून देऊ नका. श्वासावरचा ताबा तिच्यातूनच येतो. पण कॅमेऱ्यासमोर लेपल माइक छातीपाशी लावलेला असतो आणि क्लोजअपमध्ये भुवई उचलणे म्हणजे रंगमंचावर हात फेकण्याइतके मोठे होते. स्पर्धेच्या नाटकाने आपल्याला आणखी एक गोष्ट शिकवलेली असते, ती म्हणजे परीक्षकांच्या नजरेत भरण्याची. पाच मिनिटांचा प्रवेश असला तरी आपण त्यात सगळे दाखवून मोकळे होतो. चरित्र अभिनेत्याला बहुतेक प्रसंगांत याच्या उलट करावे लागते, कारण प्रसंग दुसऱ्याचा असतो. मुलगी घर सोडून जाते आहे, कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर आहे, आणि फ्रेमच्या कडेला तिच्या बापाचा फक्त खांदा आणि अर्धा कान दिसतो. या ‘ओएस’मध्ये, म्हणजे तुमच्या खांद्यावरून (ओव्हर द शोल्डर) घेतलेल्या शॉटमध्ये, तुम्ही खरोखर ऐकत असाल तर समोरच्या मुलीचे डोळे भरतात, तुम्ही पुढच्या सीनचा विचार करत असाल तर तिला ग्लिसरीन लागते. एडिटिंगच्या टेबलवर हे लख्ख दिसते आणि तिथूनच बातमी पसरते की अमुक नट समोर असला की सीन लवकर होतो.

ऐकणे ही गोष्ट सांगायला सोपी आहे. करताना सोबत हाताला काम असावे लागते आणि ते काम त्या माणसाचे असावे लागते. कांद्याच्या व्यापाऱ्याची भूमिका मिळाली तेव्हा मला एकूण दोन सीन आणि चार वाक्ये होती. शूटिंगला आठ दिवस होते. मी तीन सकाळी लासलगावच्या बाजार समितीत जाऊन उभा राहिलो. लिलाव पुकारणारा एका ट्रॅक्टरवरून दुसऱ्या ट्रॅक्टरकडे सरकत होता आणि त्याच्या मागे व्यापाऱ्यांचा घोळका. त्यातला एक वयस्क व्यापारी मी हेरून ठेवला. तो ट्रॉलीच्या वरच्या थरातला कांदा उचलतच नव्हता. तो कोपर बुडेपर्यंत हात आत घालून खालचा कांदा काढायचा, अंगठ्याने देठाशी दाबून पाहायचा, दोन बोटांनी वरचे टरफल सोडवायचा, आणि भाव बोलताना शेतकऱ्याकडे न बघता हातातल्या कांद्याकडे बघायचा. शेतकरी मात्र एकटक त्याच्या अंगठ्याकडे बघत असायचा. शूटिंगच्या दिवशी मी तेच केले. कोणाला सांगितले नाही, विचारलेही नाही. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे पूर्ण प्रसंग एकत्र टिपणाऱ्या शॉटमध्ये, हात खाली घातला आणि कांद्याकडे बघून भाव बोललो. दिग्दर्शकाने शॉट थांबवला, कॅमेरामनला बोलावले आणि माझ्या अंगठ्याचा वेगळा क्लोज घेतला. माझी चार वाक्ये शेवटी दोन झाली, पण तो अंगठा चित्रपटात आहे. त्या अंगठ्यामुळे मला पुढची तीन कामे मिळाली.

मात्र असे काही केले की ते लक्षात ठेवावे लागते. मास्टरमध्ये कांदा डाव्या हातात होता तर क्लोजमध्येही तो डाव्याच हातात हवा, आणि ‘भाव’ या शब्दाला टरफल सोलले असेल तर प्रत्येक टेकला त्याच शब्दाला सोलले पाहिजे. कंटिन्युइटी सांभाळायला माणूस असतो हे खरे, पण त्याच्यावर दहा जणांचा भार असतो. ज्या नटामुळे शॉट पुन्हा घ्यावा लागत नाही, त्याचे नाव प्रॉडक्शनच्या यादीत वर जाते.

वयाची चिंता सोडा. ए. के. हंगल शिंपीकाम करत, स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगात गेले, इप्टा या नाट्यसंघटनेत नाटके केली आणि चित्रपटांत आले ते पन्नाशीच्या सुमारास. निळू फुले पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत होते आणि लोकनाट्यातून पुढे आले. सदाशिव अमरापूरकर आपल्या शेजारच्या नगरचे. रंगभूमीवर वर्षानुवर्षे काम केल्यावर १९८३ च्या ‘अर्धसत्य’ने त्यांना देशभर नेले, पण त्यामागची तयारी नगरच्या आणि मुंबईच्या नाटकांतली होती. अगदी अलीकडचे उदाहरण छाया कदम यांचे आहे. छोट्या-छोट्या भूमिका वर्षानुवर्षे केल्यानंतर २०२४ मध्ये कान महोत्सवात ग्रां प्री मिळवणाऱ्या चित्रपटात त्या दिसल्या. या मंडळींची नावे मी यशाचा दाखला म्हणून देत नाही. यांतल्या प्रत्येकाकडे कॅमेऱ्यासमोर येण्याआधी जगलेले आयुष्य होते आणि ते त्यांच्या चालण्या-बसण्यात दिसते, एवढेच मला दाखवायचे आहे. तुमची कारखान्यातली १७ वर्षे तशीच तुमच्या अंगात आहेत. शिफ्ट सुटल्यावर कामगार सायकल स्टँडकडे कसा चालतो, हे दाखवायला तुम्हाला कोणत्याही कार्यशाळेची गरज पडणार नाही.

एका धोक्याची मात्र जाणीव ठेवा. एखादी भूमिका लोकांना इतकी आवडते की तीच पुन्हा पुन्हा येते. गणपत पाटील यांनी तमाशापटांत नाच्याची भूमिका अशी वठवली की तिला तोड नव्हती, आणि मग त्यांना दुसरे काही फारसे मिळालेच नाही. संसारी माणसाला खासगी आयुष्यातही लोकांच्या नजरा आणि टोमणे सोसावे लागले. रोहिणी हट्टंगडी यांनी तिशीत ‘गांधी’मध्ये कस्तुरबा साकारल्या, त्यासाठी त्यांना बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार मिळाला, आणि त्यानंतर इतक्या तरुण वयात त्यांच्याकडे आयांच्या भूमिकांची रांग लागली. १९९० च्या ‘अग्निपथ’मध्ये त्या अमिताभ बच्चन यांच्या आई होत्या, प्रत्यक्षात त्या त्यांच्याहून वयाने लहान आहेत. हिंदीत त्यांना याच चौकटीत पाहिले जात असताना त्यांनी रंगभूमी कधी सोडली नाही, हे मला फार महत्त्वाचे वाटते. सुरुवातीला एकच प्रकारची भूमिका आली तरी घ्या, नाही म्हणण्याची चैन तेव्हा परवडत नाही. पण वर्षातून एक नाटक असे करा की ज्यात तुम्ही तो माणूस नाही.

नोकरी आणि मुंबई यांविषयी आता थेट बोलतो. पंचवटी एक्सप्रेस नाशिकरोडहून सकाळी सातच्या सुमारास निघते. दादरला उतरून लोकलने गोरेगाव गाठेपर्यंत साडेअकरा होतात, आणि चित्रनगरीतला कॉल टाइम, म्हणजे सेटवर हजर होण्याची वेळ, अनेकदा सकाळी सातचा असतो. समृद्धी महामार्गाचा इगतपुरीपासून पुढचा टप्पा सुरू झाल्यापासून रस्त्याने वेळ वाचतो, तरी पहाटे गाडी चालवत जाऊन दिवसभर उभे राहणे आणि रात्री पुन्हा गाडी चालवत परतणे हा मार्ग मी कोणालाही सुचवणार नाही. आदल्या रात्री जाऊन मुक्काम करावा. मी नऊ वर्षे कल्याणला मामेभावाकडे हॉलमधल्या दिवाणावर झोपलो आणि त्या घराचे ऋण मी कधी विसरणार नाही. तुम्हाला असे एखादे घर असेल तर मुंबईत भाड्याने खोली घेण्याची घाई करू नका.

पहिली दोन वर्षे शिल्लक रजा आणि साप्ताहिक सुट्टी यांवर काम करा. त्यासाठी मालिकेतली कायमची भूमिका सोडून एक-दोन दिवसांच्या भूमिका, गुन्हेकथांच्या मालिकांतले स्वतंत्र भाग, जाहिराती आणि आपल्या भागात होणारी चित्रीकरणे यांवर लक्ष ठेवा. त्र्यंबकेश्वर, इगतपुरी आणि गोदाकाठ इथे युनिट येत असतात आणि त्यांना स्थानिक कलाकार हवे असतात, कारण त्यांच्या राहण्या-जेवणाचा खर्च वाचतो. राजीनाम्याचा विचार कधी करायचा, याचा माझा हिशेब असा होता: एक वर्षाचा घरखर्च बँकेत बाजूला आहे, आणि सलग बारा महिने मला नोकरीमुळे कामे नाकारावी लागत आहेत. पहिली अट पूर्ण व्हायला मला सहा वर्षे लागली, दुसरी त्यानंतर तीन वर्षांनी पूर्ण झाली. घरात पत्नीची कमाई असेल तर तिच्याशी हा हिशेब कागदावर मांडून बोला; तिला विश्वासात न घेता घेतलेला निर्णय पहिल्या रिकाम्या पावसाळ्यातच अवघड होऊन बसतो.

नाशिकला राहण्याचा एक फायदा फारसा कोणी लक्षात घेत नाही. मालेगाव-सटाणा-कळवणची अहिराणी, निफाड-दिंडोरीकडची बोली, सुरगाणा-पेठची कोकणा हे सगळे आपल्या कानांवर जाता-येता पडते. मुंबईतल्या लेखकाने लिहिलेली ‘गावची भाषा’ अनेकदा कोणत्याच गावची नसते. अशा वेळी चार शब्द बदलून वाक्य जिवंत करणारा नट दिग्दर्शकाला हवाच असतो. फक्त ते सेटवर सर्वांसमोर करू नये. आधी असिस्टंटला बाजूला घेऊन विचारावे, ‘मॅडम, हे वाक्य असं म्हटलं तर चालेल का?’

ऑडिशन आता बहुतेक मोबाइलवरच्या व्हिडिओवर होते. मोबाइल आडवा ठेवा, मागे साधी भिंत ठेवा, खिडकीचा उजेड समोरून येऊ द्या. सुरुवातीला नाव, उंची, वय, राहण्याचे ठिकाण आणि मोकळ्या तारखा सांगा, मग डावी-उजवी बाजू दाखवा आणि संवाद म्हणा. समोर क्यू द्यायला, म्हणजे समोरच्या पात्राची वाक्ये वाचायला, घरातला माणूस असावा. त्याने सपाट वाचले तरी चालते, पण तो कॅमेऱ्याशेजारी बसलेला असावा, म्हणजे तुमची नजर योग्य जागी राहते. व्हिडिओत पार्श्वसंगीत घालू नका. निवड झाली नाही तर सहसा कोणी कळवत नाही, त्यामुळे पाठवून विसरून जाण्याची सवय लावून घ्या आणि निवड झाली नाही का, असे विचारणारे संदेश पाठवू नका. काम नियमित झाले की सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशनचे सदस्यत्व घ्या. पैसे अडकले तर दाद मागायला ती एक जागा आहे.

केस रंगवू नका. कलपाचा काळा रंग कॅमेऱ्यात चपटा दिसतो, आणि तुमच्या वयात कानशिलांवर आलेले पांढरे केस पोलीस निरीक्षकापासून वधूपित्यापर्यंत सगळीकडे चालतात. काळे हवे असतील तर मेकअपदादा दहा मिनिटांत करतात, पण रंगवलेले केस पांढरे करायला त्यांना फार त्रास पडतो. या आठवड्यात फोटोंचे दोन संच काढा, एक गुळगुळीत दाढी केलेला आणि दुसरा मिशी ठेवून आठ दिवसांची दाढी वाढवलेला. दुसऱ्यासाठी रजा घ्यावी लागणार असेल तर दिवाळीच्या सुट्टीत काढा. साधा सदरा घाला, चष्मा लागत असेल तर तो काढू नका, आणि निदान एका फोटोत हात दिसू द्या.